सात नंबरचा परिच्छेद

३ फेब्रुवारी, सोमवार

लेकीने ही दैनंदिनी दिली. "बाबा, सत्तावीस वर्षं दुसऱ्यांचं बोलणं उतरवलंत, आता चार ओळी स्वतःच्या लिहा," म्हणाली. जूनमध्ये निवृत्ती आहे, तेव्हा आतापासून हात बसवून ठेवलेला बरा. हिने वही उचलून वजन पाहिलं आणि विचारलं, "एवढी पानं भरण्यासारखं तुमच्या आयुष्यात घडतं काय?" पहिल्याच पानावर बायकोची तक्रार नको, म्हणून उत्तर लिहीत नाही.

मी कोर्टात स्टेनो आहे. न्यायाधीश मॅडम बोलतात, मी लघुलिपीत उतरवतो, मग टंकतो, मॅडम सही करतात आणि बाहेर लोक त्याला न्याय म्हणतात. सत्तावीस वर्षांत माझ्या कागदावर कोणी खाडाखोड केलेली नाही. सेवापुस्तक धुतल्यासारखं स्वच्छ आहे, एक मेमो नाही. यंदा उत्कृष्ट कर्मचारी म्हणून माझं नाव वर गेलं आहे असं नाजर म्हणाला. नाजर म्हणजे आमच्या कोर्टातल्या खुर्च्या, पंखे आणि पडदे सांभाळणारा माणूस. त्याला सगळं आधी कळतं.

माझ्या वेगाचं गुपित इथे लिहून ठेवतो. ऑफिसात सांगितलं तर सगळेच उचलतील. जामिनाच्या हुकमात बहुतेक मजकूर तोच तो असतो. मी त्याचे पंधरा परिच्छेद करून, नंबर घालून संगणकात ठेवले आहेत. एक नंबर: अर्जदार कायमचा रहिवासी असून पळून जाण्याची शक्यता नाही. चार नंबर: साक्षीदारांवर दबाव आणू नये. सात नंबर: पीडितेस नोटीस बजावण्यात आली व तिचे म्हणणे ऐकण्यात आले. मॅडम नुसतं "रोजचं ते घाला" म्हणाल्या की कोणतं रोजचं ते मला कळतं. असा स्टेनो त्यांना पुन्हा मिळायचा नाही, हे त्या एकदा स्वतः म्हणाल्या होत्या. तेव्हा मी रजा मागत होतो, पण म्हणाल्या होत्या हे खरं.

५ फेब्रुवारी, बुधवार

आज नवा जामीनअर्ज आला. कलमं भारी आहेत. एका गावात एक गल्ली, गल्लीत दोन घरं, दोघांत भिंत एकच. एका घरात ठेकेदार, दुसऱ्यात वायरमन. वायरमनने घरावर माडी चढवली आणि ती ठेकेदाराच्या छपरापेक्षा चार फूट उंच झाली. "तुमच्या जातीचा माणूस आमच्या डोक्यावर झोपणार का?" असं म्हणत ठेकेदार दोघा-तिघांना घेऊन आला, वायरमनला जिन्यावरून खाली ओढलं, जातीवरून नको नको ते बोलला आणि गजाने त्याचा पाय दोन ठिकाणी मोडला. बायको मध्ये पडली, तिचं मनगट दुखावलं. फिर्याद तिनेच दिली आहे. ठेकेदार चार महिने आत आहे आणि आता त्याला घरी जायचं आहे.

अशा खटल्यात जामीन द्यायचा तर ज्यांच्यावर अत्याचार झाला त्यांना आधी नोटीस द्यायची आणि त्यांचं ऐकून घ्यायचं, असा कायदाच आहे. नवरा अजून इस्पितळात, म्हणून नोटीस बायकोच्या नावाने निघाली. "अकरा तारखेला सकाळी अकराला हजर राहावे." मीच टंकली. कोपऱ्यात माझी आद्याक्षरं. समास असा आखला आहे की नोटीस भिंतीवर लावावी.

हिला जेवताना हकीकत सांगितली. म्हणाली, "तो परत आला तर ती बाई त्या घरात राहील कशी?" मी म्हटलं, ते कोर्ट पाहील. आमच्या कोर्टात जातबित कोणी पाहत नाही, तिथे फक्त पक्षकार असतात. आणि पक्षकार मी दारातून आत येताक्षणी ओळखतो. फिर्यादी रागात असतो, आरोपीची माणसं इस्त्रीच्या कपड्यांत असतात, साक्षीदार घड्याळ बघतो. सत्तावीस वर्षांत नजर चुकलेली नाही. ही म्हणाली, "परवा मंडईत माझ्या बहिणीला ओळखलं नाहीत."

११ फेब्रुवारी, मंगळवार

ठेकेदाराच्या अर्जाची पहिली तारीख. आमचा पट्टेवाला दारात उभा राहून पुकारा करतो. त्याचा आवाज असा की त्याला सगळे भोंगा म्हणतात, मॅडमसुद्धा मनातल्या मनात म्हणत असाव्यात. रिवाजाप्रमाणे त्याने अर्जदाराचं नाव पुकारलं, "अमुक अमुक विरुद्ध सरकार!" ठेकेदाराची माणसं लगेच उठून आत आली आणि तीन बाकं भरली. इस्त्रीचे कपडे, म्हटलं नव्हतं? सरकारी वकील म्हणाले, नोटीस बजावल्याचा अहवाल अजून आलेला नाही. अठरा तारीख पडली. सगळं मिळून चार मिनिटं.

त्यानंतर माझ्या कोटाचं बटण तुटलं. पाणी प्यायला बाहेर गेलो, तर टाकीजवळच्या शेवटच्या बाकावर एक बाई शर्टांना काजं करत बसली होती. मांडीवर बेतलेल्या शर्टांचा गठ्ठा, बाजूला पिशवी. मध्येच थांबून मनगट चोळायची. पडदा फाटलाय, शिवणारं कोणीतरी बोलवायला हवं, असं नाजर महिनाभर म्हणत होता, ते आठवलं.

"बाई, एक बटण लावून द्याल का?"

तिने वर पाहिलं. "तुम्ही आत काम करता का साहेब?"

"साहेब नाही, स्टेनो आहे. पण मी आत नसलो तर आतलं पान हलत नाही."

हे ऐकून तिने हातातलं काम बाजूला ठेवलं आणि बटण लावून दिलं. दोरा दाताने तोडून म्हणाली, "आत सांगाल ना, मी आलेय म्हणून?"

"सांगतो की."

आणि लगेच सांगितलंही. नाजराला म्हटलं, तुझी शिवणारी आलीय. तो म्हणाला, "मी अजून कोणाला बोलावलंच नाही. पण आली असेल तर बरंच झालं." हा असा विसराळू माणूस. कोर्टाचे पंखे कसे फिरतात देव जाणे.

१२ फेब्रुवारी, बुधवार

हिने कोट झटकताना बटण पाहिलं. "हे कोणी लावलं? दोऱ्याला चार वेढे देऊन गाठ आत घेतलीय. हात शिकलेला आहे. नाव काय तिचं?" मी म्हटलं, बटण लावून घ्यायला नाव कशाला लागतं? हिने कोट खुंटीला जरा जोरातच अडकवला. खुंटीचा आवाज मला मागच्या खोलीपर्यंत ऐकू आला.

१८ फेब्रुवारी, मंगळवार

दुसरी तारीख. ती बाई सकाळपासून त्याच बाकावर होती. पुढची बाकं तशीही ठेकेदाराच्या माणसांनी अडवली होती. जेवणाच्या सुट्टीत नाजराने मॅडमच्या खुर्चीमागचा पडदा काढून तिच्या हातात दिला. मी तिथेच होतो. तिने पडदा उलटसुलट पाहिला आणि मला विचारलं, "हे शिवलं की बोलावतील?"

"शिवा तर आधी. मग पाहू," मी म्हटलं. पुढचंही काम मिळावं असं तिला वाटणार, त्यात गैर काही नाही.

सुट्टीनंतर भोंग्याने पुकारा केला. नोटीस हातोहात बजावल्याचा अहवाल आला होता. मॅडमनी विचारलं, "फिर्यादीतर्फे कोणी हजर?" सरकारी वकिलांनी मान वळवून ती तीन बाकं पाहिली आणि म्हणाले, "कोणी दिसत नाही." मग ठेकेदाराचे वकील उभे राहिले. हे गृहस्थ बोलताना स्वतःच्याच आवाजावर खूश असतात. म्हणाले, माडी बांधण्यामागे हेतूच दुसरा होता, माझ्या अशिलाच्या अंगणात डोकवायचं होतं, घरात बायकामाणसं आहेत, कोणाचंही डोकं फिरेल. डोकं फिरलं आणि पाय मोडला, असं मी मनात म्हटलं, पण उतरवलं त्यांचंच. एकवीस तारीख पडली.

पाच वाजता बघतो तर पडदा जागेवर. दुमड इतकी सरळ की मॅडमनी मुद्दाम हात लावून पाहिला. ती बाई निघून गेली होती. नाजर म्हणाला, तिने काही मागितलं नाही, फक्त "आज नाही ना मग?" असं विचारलं. मी म्हटलं, मानी दिसतेय.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

हे नीट क्रमाने लिहितो, म्हणजे माझं मला कळेल.

सकाळी युक्तिवाद संपला. ठेकेदाराचे वकील म्हणाले, नोटीस मिळूनही फिर्यादी एकाही तारखेला फिरकली नाही, म्हणजे तिची काही हरकत नाही. सरकारी वकील पाय मोडल्याचे कागद दाखवून बसले. दुपारी मॅडमनी त्यांच्या खोलीत हुकूम सांगितला. चार महिने झाले, तपास पूर्ण झाला, जामीन मंजूर, एक नंबर, चार नंबर. नोटिशीपाशी आल्यावर म्हणाल्या, "ते रोजचं घाला." सोमवारी अकराला सही करून वाचून दाखवणार. मी सात नंबर घातला. तीन वाजता हुकूम तयार. चूक एकही नाही.

वकिलांना निकालाचा वास आधीच येतो. फाटकाबाहेर ठेकेदाराचा भाऊ फोनवर उघडी जीप ठरवत होता. सोमवारी तुरुंगातून थेट गल्लीत मिरवत न्यायचं, फुलंबिलं लावून.

पाच वाजता छत्री घेऊन निघालो. ती बाकावर एकटीच. शर्ट घडी करून पिशवीत भरत होती.

"आज नाजराने काय दिलंय शिवायला?" मी विचारलं.

"काही नाही दिलं. भाऊ, माझं नाव कधी पुकारणार?"

"कसलं नाव?"

तिने पिशवीतून शर्ट काढले, त्याखालून एक प्लास्टिकची पिशवी आणि तिच्यातून घडी केलेला कागद. घडी उलगडायच्या आधीच मला माझा समास दिसला. कोपऱ्यात माझी आद्याक्षरं.

"तीन तारखांना आले," ती म्हणाली. "दोन गाड्या बदलून येते. पुढची तारीख त्यांच्या माणसांच्या बोलण्यातून कळते. तो मोठा आवाजवाला माणूस किती नावं घेतो, पण माझं घेतच नाही. त्यांचं नाव घेतो तेव्हा त्यांची माणसं आत जातात. मला वाटलं, आधी त्यांचं होईल आणि मग माझं."

मला बसावंसं वाटलं, पण बाकावर तिच्या शेजारी बसायचा धीर झाला नाही.

"सोमवारी त्यांना घरी आणणार म्हणतात. खरंय का?"

मी म्हणालो, सोमवारी या. दहालाच या.

"सोमवारी पुकारतील?"

"पुकारतील," मी म्हणालो. कोणाच्या अधिकाराने म्हणालो ते ठाऊक नाही. आत टेबलावर हुकूम पडला आहे आणि त्यात माझ्या स्वच्छ अक्षरांत लिहिलं आहे, तिचं म्हणणं ऐकलं.

२२ फेब्रुवारी, शनिवार

सुट्टी असून ऑफिसात गेलो. नाजराकडून किल्ली घेतली, छत्री विसरली म्हणून सांगितलं. छत्री माझ्या हातातच होती, त्याने ती पाहिलीही.

संगणकात सात नंबर शोधला. अशा खटल्यांतल्या जामिनाच्या अकरा हुकमांत तो आहे. कालचा बारावा. त्या अकरांचं म्हणणं खरंच ऐकलं होतं का, ते आठवून पाहिलं. दोघं आठवले. एक म्हातारा, तो कोर्टात रडला होता. एक मुलगी, तिच्याबरोबर वकील होता. बाकी नऊ जण काही आठवत नाहीत. बाहेरच्या बाकावर कोण बसलं होतं, हे मी कधी पाहिलंच नव्हतं. आणि पाहिलं तेव्हा बटण पुढे केलं.

माझी पाचावर धारण बसली आहे, हे इथे लिहायला हरकत नाही. मॅडमना सांगितलं तर एकाचं बारा होईल. चौकशी लागेल, जूनमध्ये पेन्शनचे कागद अडकतील, उत्कृष्ट कर्मचारी वगैरे तर सोडाच. न सांगितलं तर कोणाला कळणार नाही. ती बाई वरच्या कोर्टात जाईल तोवर जीप गल्लीत पोचलेली असेल.

तसं पाहिलं तर सही मॅडमची, पुकारा भोंग्याचा, आणि बाईला आत आणणं सरकारी वकिलांचं काम. मी फक्त टंकतो. हे वाक्य तीनदा लिहून पाहिलं. दोनदा खोडलं.

२३ फेब्रुवारी, रविवार

हिला सांगितलं. सगळं, पडद्यासकट. मला वाटलं चिडेल, निदान हसेल. ही तांदूळ निवडत होती, ताट बाजूला ठेवलं.

"एक विचारू? त्या बाकावर आपल्या डॉक्टरीणबाई काजं करत बसल्या असत्या, तर त्यांना पडदा दिला असता?"

"डॉक्टरीणबाई काजं कशाला करतील?"

"मग आपल्या वरच्या मजल्यावरच्या वहिनी. त्याही शिवतात की."

मी म्हटलं, त्यांना विचारलं असतं, तुम्ही इथे कशा.

"मग हिला का नाही विचारलं?"

मी म्हणालो, तिच्याकडे पाहून वाटलं की कामालाच आली असणार. काय पाहून, हे हिने विचारलं. साडी साधी होती, पण हिचीही साधीच असते. उत्तर मला देता आलं नाही, म्हणून प्रश्न इथे लिहून ठेवतो.

दुपारी हिने माझा कोट ब्रशने साफ करून दाराशी लावला. मी म्हटलं, उद्याच्या फाशीची तयारी का? म्हणाली, "फाशीला बटणं नीट असलेली बरी."

२४ फेब्रुवारी, सोमवार

दहाला मॅडमच्या खोलीत गेलो. हुकूम पुढे ठेवला. त्यांनी पेन उघडलं. मी म्हणालो, "मॅडम, सात नंबर खोटा आहे." त्यांना सात नंबर म्हणजे काय ते माहीतच नव्हतं. मग सगळं सांगितलं. पंधरा परिच्छेद, अकरा हुकूम, बटण, पडदा. अकरांची यादी पुढे ठेवली. खुर्चीची पाठ धरून उभा होतो.

मॅडमनी पेन बंद केलं. यादी वरपासून खालपर्यंत वाचली.

"'रोजचं घाला' कोण म्हणालं?"

"मॅडम, आपण. पण घातलं मी."

"आणि सह्या कोणाच्या आहेत?" त्यांनी विचारलं. याचं उत्तर त्यांना नको होतं असं दिसलं. हुकूम त्यांनी उभा फाडला आणि भोंग्याला बोलावलं. नोटिशीवरचं नाव त्याला दोनदा वाचून दाखवलं.

भोंगा दारात गेला. त्याने तिचं नाव पुकारलं. पूर्ण नाव, नवऱ्याच्या नावासकट, आडनावासकट, असं की फाटकाबाहेरच्या जीपवाल्यानेही मान वर केली असेल. ती आत आली तेव्हा पिशवी छातीशी धरलेली होती. ती कुठे ठेवायची हे तिला कळेना, तेव्हा मी माझ्या टेबलावर जागा करून दिली.

ठेकेदाराचे वकील ताडकन उठले. "हरकत आहे! ही बाई एकाही तारखेला आली नाही. जामीन होणार म्हटल्यावर आज उगवली."

मॅडमनी तिला विचारलं, "तुम्ही याआधी आला होतात?"

"तिन्ही तारखांना आले होते."

"मग आत का आला नाहीत?"

"नाव पुकारलं नाही."

"याला पुरावा काय?" वकील म्हणाले. आवाज चांगला लागला होता त्यांचा.

तिने इकडेतिकडे पाहिलं. मग मॅडमच्या खुर्चीमागे बोट केलं. "तो पडदा मी शिवलाय. अठरा तारखेला, बाहेर बसून. आणि अकरा तारखेला ह्यांचं बटण."

सगळं कोर्ट आधी पडद्याकडे आणि मग माझ्या पोटाकडे बघू लागलं. सत्तावीस वर्षांत माझ्याकडे एवढं कोणी पाहिलं नव्हतं. मॅडमनी नाजराला विचारलं, त्याने मान खाली घालून होय म्हटलं. मला विचारलं. मी उभा राहून सांगितलं की हे खरं आहे, आणि एकवीस तारखेला पाच वाजेपर्यंत ती बाकावर होती हेही मी पाहिलं आहे. वकील खाली बसले.

मग मॅडम तिला म्हणाल्या, "बोला. काय म्हणायचंय ते सगळं बोला."

मी पेन्सिल धरली. तिचं बोलणं हळू होतं, एकही शब्द निसटण्याचं कारण नव्हतं. ती म्हणाली, "आमची भिंत एकच आहे. ते घरात खोकले तरी माडीवर ऐकू येतं. मी, मुलगी आणि सासूबाई, तिघीच आहोत. ह्यांना अजून महिनाभर सोडणार नाहीत इस्पितळातून. ठेकेदाराचा भाऊ भिंतीवर थाप मारून सांगतो, आला की दुसरा पाय. मुलगी शाळेत जात नाही. माडीचं दार आम्ही खिळे ठोकून बंद केलंय."

मॅडम म्हणाल्या, "माडी त्यांच्या अंगणात डोकवायला बांधली, असं त्यांचं म्हणणं आहे."

ती जरा गोंधळली, जणू हे पहिल्यांदाच ऐकत होती. खरंच पहिल्यांदाच ऐकत होती. "अंगण तर दुसऱ्या बाजूला आहे. तिकडे आम्ही खिडकीच ठेवली नाही, बघून या ना. खाली अंधार असतो हो मॅडम. काळ्या कापडावर काळा दोरा दिसत नाही. उजेडासाठी बांधली. माझ्या कामासाठी."

मी ते तसंच उतरवलं. ठेकेदाराचे वकील दोन तारखा ज्या माडीवर बोलत होते, तिला त्या बाजूला खिडकी आहे की नाही हे आम्हा कोणालाच माहीत नव्हतं. एवढ्यात माझी पेन्सिल मोडली, तर भोंग्याने मला आपली दिली.

मॅडमनी पोलिसांकडून गल्लीचा नकाशा आणि भावाबद्दलचा अहवाल मागवला. निकाल बुधवारी. जीप फुलांसकट परत गेली.

२६ फेब्रुवारी, बुधवार

नकाशा आला. त्या बाजूला खिडकी नाही. भावाच्या धमकीबद्दल दोन शेजाऱ्यांनी सांगितलं आहे. जामीन नामंजूर. तिची आणि तिच्या मुलीची साक्ष होईपर्यंत पुन्हा अर्ज करायचा नाही, आणि तोवर घरावर पोलीस.

हुकूम मी पहिल्यापासून शेवटपर्यंत नवीन टंकला. साडेचार तास लागले. दोन ठिकाणी चुकलो, खोडून पुन्हा लिहिलं. सात नंबर संगणकातून काढून टाकला. बाकीच्या चौदांचं काय करायचं, ते ठरत नाही. अधूनमधून त्यांच्याकडे बघतो आणि तेही माझ्याकडे बघतात.

भोंगा आता अर्जदाराचं नाव घेतल्यावर फिर्यादीचंही घेतो. कोणी सांगितलं म्हणून विचारलं, तर म्हणाला, "घसा माझा आहे ना?"

२८ फेब्रुवारी, शुक्रवार

मेमो मिळाला. मॅडमनी तो मलाच सांगितला, मीच उतरवला आणि मीच टंकला. "आपल्या हलगर्जीपणामुळे" इथे मी हळूच विचारलं, "गंभीर हलगर्जीपणा लिहू का?" मॅडम म्हणाल्या, "लिहा." त्यानंतर त्यांनी वरच्या कोर्टाला एक पत्र सांगितलं, स्वतःबद्दल. त्यात त्यांनी माझ्यापेक्षा कडक शब्द वापरले. उत्कृष्ट कर्मचारी म्हणून आता नाजराचं नाव जाणार अशी बातमी आहे. बातमी नाजरानेच दिली.

दुपारी ती हुकमाची प्रत घ्यायला आली. या वेळी बाकावर बसली नाही, सरळ आत माझ्या टेबलाशी आली आणि नाव सांगितलं. पानावर बोट ठेवून स्वतःचं बोलणं वाचत गेली, ओठ हलत होते.

"उजेडाचंही लिहिलंत?"

"तुम्ही बोललात ते सगळं लिहिलं."

मी म्हणालो, ताई, माझं चुकलं. तीन दिवस हे वाक्य मनात घोळत होतं, प्रत्यक्षात पटकन निघून गेलं. तिने लगेच माफबीफ केलं नाही. प्रत नीट घडी करून प्लास्टिकच्या पिशवीत घातली. जाताना म्हणाली, "खालचं बटणही सैल झालंय तुमचं."

"घरी लावून घेईन."

"घ्या," ती म्हणाली आणि गेली.

संध्याकाळी हिला मेमो दाखवला. तिने चष्मा लावून सावकाश वाचला, मग दुसऱ्यांदा वाचला. "चला," म्हणाली, "तुमच्या सेवापुस्तकात वाचण्यासारखं पहिल्यांदाच काहीतरी आलं." मग सुईदोरा काढून मला दिला. लावून दिलं नाही, दिला. आणि विचारलं, "नाव काय म्हणालात तिचं?"

मी सांगितलं. पूर्ण.

आता ती यादी समोर आहे. वरून काय उत्तर येईल ते येवो, अकराही फायली बाहेर काढा आणि अकराही जणांना पत्र पाठवा, असं मॅडमनी सांगितलं आहे. म्हाताऱ्यालाही, मुलीलाही. पत्रात एक ओळ मी माझ्या मनाने घातली, मॅडमनी ती ठेवली: "कोर्टात आल्यावर बाहेर थांबू नये. आत येऊन आपले नाव सांगावे." ऑफिस सुटायच्या आधी पहिलं पत्र घेतलं. नाव टंकलं. ते दोन वर्षांपूर्वीही मीच टंकलं होतं. आज वाचलं.